मुलं धडा खडाखडा वाचतात, पण विचारलं की गप्प: मेळघाटातल्या शिक्षिकेस उत्तर

पत्र:

"मी मूळची सातारा जिल्ह्यातली. गेल्या वर्षी धारणी तालुक्यातल्या एका द्विशिक्षकी जिल्हा परिषद शाळेत रुजू झाले. पहिली ते चौथी मिळून पट ३४. त्यांतली २३ मुलं कोरकू, ६ गवळी आणि ५ घरी हिंदी बोलणारी. मला कोरकू येत नाही. पहिलीतली मुलं दिवसच्या दिवस तोंड उघडत नाहीत. तिसरीतली मुलं धडा खडाखडा वाचतात, पण त्याच धड्यावर एक साधा प्रश्न विचारला की मान खाली. वरिष्ठ म्हणतात, शाळेच्या आवारात कोरकू बंद करा, मराठी कानावर पडत राहिली की आपोआप येईल. पालक म्हणतात, कोरकू तर घरी आहेच, तुम्ही मराठी आणि इंग्रजी शिकवा. मला दोन्ही पटत नाही, पण मग करायचं काय तेही सुचत नाही. तीन-चार वर्षांत माझी बदली होईल. तेवढ्यात काही होण्यासारखं आहे का?"

ताई,

तुमच्या पत्रातली तिसरीच्या मुलांची गोष्ट आधी घेऊ, कारण बाकी सगळ्याची किल्ली तिथेच आहे. अर्थाचा काडीचाही आधार नसताना या मुलांनी अख्खी देवनागरी लिपी पाठ केली आहे. ही मंद मुलं नव्हेत. झालं असं की त्यांना एकाच वेळी दोन कामं दिली गेली: लिपी शिकणं आणि अनोळखी भाषा शिकणं. साताऱ्याचं मूल पहिलीत येतं तेव्हा हजारो मराठी शब्द बरोबर घेऊन येतं. जे तोंडात आहे ते कागदावर ओळखायचं, एवढंच त्याचं काम. तुमचं कोरकू मूल क, म, ळ जोडून 'कमळ' म्हणतं तेव्हा आवाज बरोबर निघतो, पण त्या आवाजाला त्याच्या मनात जागाच नसते. असं वर्षभर चाललं की मूल एक समजूत करून घेतं: वाचणं म्हणजे बरोबर आवाज काढणं. तिसरीपर्यंत ही समजूत घट्ट होते आणि तुम्हाला दिसतं ते दृश्य तयार होतं.

म्हणून आमचा सल्ला एका वाक्यात असा: ही दोन कामं वेगळी करा. वाचायला शिकणं कोरकू शब्दांवर होऊ द्या, मराठी शिकणं आधी तोंडी होऊ द्या, आणि मग दोन्ही जुळवा. लिपी एकच असल्यामुळे हे जुळणं सोपं जातं. एकदा कोणत्याही भाषेत वाचता आलं की ते कौशल्य पुन्हा शिकावं लागत नाही.

'आपोआप येईल' हे म्हणणं साफ खोटं नाही, पण ते चुकीच्या मुलांवरून काढलेलं आहे. वऱ्हाडी किंवा अहिराणी बोलणारं मूल प्रमाण मराठीच्या वर्गात बसलं तर काही महिन्यांत रुळतं, कारण नात्यातलीच भाषा आहे. कोरकू ही मुंडा कुळातली भाषा. संथाली आणि मुंडारी तिच्या बहिणी. २०११ च्या जनगणनेनुसार ती बोलणारे सुमारे ७ लाख २७ हजार लोक, बहुतेक मध्य प्रदेशात आणि महाराष्ट्रात. मराठीशी तिचं कूळ जुळत नाही. शिवाय 'येणं' दोन प्रकारचं असतं. खेळताना, खिचडी वाढून घेताना लागणारी मराठी वर्ष-दोन वर्षांत येते. पुस्तकातली, कारण सांगणारी, गणिताचं उदाहरण समजून घेणारी भाषा यायला पाच ते सात वर्षं लागतात, असं कॅनडातले अभ्यासक जिम कमिन्स यांनी स्थलांतरितांच्या मुलांवरच्या अभ्यासातून दाखवलं. मराठी आपोआप येण्याची वाट बघत बसलात तर तोवर मूल प्राथमिक शाळा ओलांडून गेलेलं असेल.

आणि आवारात कोरकू बंद करू नका. शिक्षण हक्क कायद्याचं कलम १७ शारीरिक शिक्षा आणि मानसिक त्रास दोन्हींना मनाई करतं. घरची भाषा बोलल्याबद्दल सहा वर्षांच्या मुलाला रागावणं हा मानसिक त्रासच आहे. शिवाय गप्प बसलेल्या मुलाला काय येतं नि काय येत नाही, हे कळायची वाटच बंद होते.

आधी नेमकं काय बिघडलंय ते तपासा

विदर्भात शाळा जूनच्या शेवटी उघडतात. पहिले दोन आठवडे पुस्तकाला हात न लावता नोंदी करा. दाखल्यावरची 'मातृभाषा' धरून चालू नका. सरकारी कागदावर काय लिहिलं तर बरं दिसेल, या विचाराने पालक मराठी किंवा हिंदी सांगतात. त्याऐवजी विचारा: आजीशी कोणत्या भाषेत बोलतो? भावंडांशी भांडतो तेव्हा? आणि खेळताना स्वतः ऐका. प्रत्येक मुलापुढे मराठीची पायरी लिहा: ० म्हणजे काहीच कळत नाही, १ म्हणजे सूचना कळते, २ म्हणजे दोन-तीन शब्दांत उत्तर देतं, ३ म्हणजे घडलेली गोष्ट सांगतं. हीच नोंद दिवाळीआधी आणि पुन्हा एप्रिलमध्ये करा.

तिसरी-चौथीसाठी एक वेगळी तपासणी करा. ती एका मुलामागे पंधरा मिनिटं घेते, पण वर्षभराची दिशा देते. दुसरीच्या पातळीचा साठेक शब्दांचा उतारा मुलाला वाचायला द्या आणि किती वेळ लागला ते लिहा. मग त्यावर पाच प्रश्न मराठीत विचारा. त्यानंतर तेच पाच प्रश्न कोरकू येणाऱ्या मोठ्या माणसाकरवी कोरकूत विचारा, उत्तरही कोरकूत घ्या. शेवटी तेवढ्याच लांबीची दुसरी एखादी गोष्ट कोरकूत तोंडी सांगून तिच्यावर पाच प्रश्न कोरकूत विचारा.

आता तिन्ही आकडे शेजारी ठेवा. मराठी प्रश्नांना उत्तरं नाहीत पण त्याच उताऱ्यावरच्या कोरकू प्रश्नांना आहेत, तर मुलाला मराठी कळते आहे, फक्त बोलता येत नाही. त्याला बोलायचा सराव हवा. उताऱ्यावर दोन्ही भाषांत उत्तरं नाहीत पण कोरकू गोष्टीवर पाचपैकी चार-पाच बरोबर, तर समज उत्तम आहे, मराठी शब्दच पोहोचलेले नाहीत. तुमची बहुतेक मुलं या गटात निघतील. कोरकू गोष्टीवरही अडखळला तर ऐकू येतं का, घरी काय चाललंय, हे पाहा. तिन्ही गटांना 'कच्चा' असा एकच शेरा मारला की तिघांनाही चुकीचं औषध मिळतं.

कोरकू येत नसताना वर्गात कोरकू कशी आणायची

तुम्ही कोरकू शिकेपर्यंत थांबायचं कारण नाही. वर्गात कोरकू बोलणारं मोठं माणूस रोज अर्धा-पाऊण तास हवं. ते बहुधा तुमच्या आवारातच असतं: पोषण आहार शिजवणाऱ्या ताई, अंगणवाडीची मदतनीस, नाहीतर गावातली बारावी झालेली मुलगी. खिचडी शिजवणाऱ्या ताईंना लिहिता-वाचता येत नसलं तरी चालेल. गोष्ट सांगणं, शब्द सांगणं, मुलाचं म्हणणं तुमच्यापर्यंत पोहोचवणं हे त्यांचं काम, लिहिणं तुमचं. चौथीच्या मुलांची मदत घ्या, पण त्यांनाच दुभाषे करून टाकू नका. त्यांचाही अभ्यास बुडतो.

हे तोंडी ठरवू नका. शाळा व्यवस्थापन समितीत ठराव घ्या: नाव, वेळ, काम. मानधनासाठी संयुक्त शाळा अनुदानाकडे बघू नका, ते तक्ते, स्केचपेन, पुठ्ठे यांसाठी ठेवा. धारणी आणि चिखलदरा हे दोन्ही तालुके अनुसूचित क्षेत्रात येतात, त्यामुळे ग्रामपंचायतीला पेसाचा (अनुसूचित क्षेत्रातल्या ग्रामसभांना अधिकार देणाऱ्या कायद्याचा) पाच टक्के अबंध निधी मिळतो आणि शिक्षण हा त्यातला मान्य विषय आहे. ग्रामसभेत विषय मांडून 'भाषा मदतनीस' म्हणून मानधन मागता येतं. ओडिशाने २००७ पासून दहा आदिवासी भाषांत बहुभाषिक शिक्षण सुरू केलं, तेव्हा त्याचा कणा त्या-त्या समाजातले शिक्षकच होते. तुम्हाला तेवढं मोठं बळ नाही, पण तत्त्व तेच आहे.

रोजचा दीड तास भाषेचा धरा. पहिलीत जुलै ते सप्टेंबर साधारण असा: २५ मिनिटं कोरकूत गोष्ट आणि गप्पा, २५ मिनिटं कोरकू शब्दांचं वाचन-लेखन, ३० मिनिटं फक्त तोंडी मराठी, उरलेली १० मिनिटं मराठी गाणी. मराठी छापील मजकूर या तीन महिन्यांत नाही. दिवाळीनंतर दोन्ही निम्मं-निम्मं. दुसरीत मराठी दोन भाग, कोरकू एक भाग. तिसरीपासून वाचन-लेखन मराठीत, पण नवी कल्पना समजावताना कोरकू हाताशी.

इथे बहुतेक ठिकाणी होणारी चूक सांगतो. शिक्षक मराठीत एक वाक्य बोलतो, मदतनीस लगेच ते कोरकूत सांगते, पुन्हा मराठी, पुन्हा कोरकू. ऐकायला छान वाटतं, पण चार दिवसांत मुलं मराठी ऐकायचंच सोडतात. कोरकू येणारच आहे हे त्यांना ठाऊक असतं. म्हणून वाक्यागणिक भाषांतर नको. धड्याआधी तीन-चार मिनिटं कोरकूत सांगा की आज कशाबद्दल आहे. मग धडा सलग मराठीत, चित्रं आणि हातवारे वापरून. शेवटी त्यावर चर्चा पुन्हा कोरकूत. भाषा मिसळू नका, वेळ वाटून द्या.

तोंडी मराठीच्या तासाला पुस्तक बंद. आधी कृतीच्या सूचना: ऊठ, बस, दार उघड, दगड उचल, दगड टोपलीत ठेव, टोपली मागे ठेव. मुलाने बोलायची गरज नाही, करून दाखवायचं. दिवसाला नवे शब्द पाच-सहाच. ते दुसऱ्या दिवशी, मग तीन-चार दिवसांनी, मग आठवड्याने पुन्हा यायला हवेत. रोज पंधरा शब्द दिलेत तर शुक्रवारी एकही उरत नाही. त्यानंतर साचे: 'मला ___ हवं', 'माझ्याकडे ___ आहे', 'मी ___ पाहिलं'. पायरी ० वरची मुलं दोन-तीन महिने मराठीत एक शब्दही बोलणार नाहीत. त्या काळात ती ऐकून साठवत असतात. बोट दाखवून, चित्र काढून, कोरकूत सांगून उत्तर देऊ द्या. 'बोल, बोल' म्हणून मागे लागलात की हा काळ लांबतो.

चुका सुधारताना कोरकूचं व्याकरण थोडं ठाऊक असावं. कोरकूत नामांचा भेद सजीव-निर्जीव असा आहे. मराठीतलं तो-ती-ते तिथे नाही. म्हणून 'मुलगी आला' हा निष्काळजीपणा नसतो, आणि पहिल्या दोन वर्षांत तो जाणारही नाही. अडवू नका, 'हो, मुलगी आली' असं म्हणून पुढे जा. दुसऱ्या बाजूला 'आपण' आणि 'आम्ही' यांतला फरक कोरकू मूल चटकन पकडतं, कारण ऐकणाऱ्याला धरून 'आपण' आणि त्याला वगळून 'आम्ही' हा भेद कोरकूतही आहे. तुमच्या हिंदी बोलणाऱ्या पाच मुलांना तो जड जाईल. कर्ता-कर्म-क्रियापद हा क्रम दोन्हीकडे सारखाच, त्यामुळे वाक्यरचना फार शिकवावी लागत नाही.

गणितात मराठी संख्यानामं हा वेगळाच डोंगर आहे. तेवीस, एकोणतीस, सत्तेचाळीस यांतून दशक-एकक ऐकू येत नाही. २०१९ मध्ये बालभारतीच्या दुसरीच्या गणितात 'वीस तीन' अशी जोड दिल्यावर राज्यभर वाद झाला. तुमच्या मुलांपुरतं सांगायचं तर ती जोड फार उपयोगाची आहे. आधी काड्यांचे दहा-दहाचे गठ्ठे, मग 'वीस तीन', मग 'वीस तीन म्हणजे तेवीस'. मोजणं दहापर्यंत कोरकूत करून घ्या. बेरीज कळली आहे का हे बघताना भाषा मध्ये यायला नको.

तक्ता: आठवडाभराचं काम

छापील कोरकू साहित्य हाताशी नसेल (जिल्हा शिक्षण व प्रशिक्षण संस्थेत आणि आजूबाजूच्या जुन्या शिक्षकांकडे आधी चौकशी करा, जुने शब्दसंग्रह कपाटात पडलेले असतात) तर वाचनपाठ मुलांकडूनच घ्या.

सोमवारी सगळ्यांनी मिळून काहीतरी करा: नाल्यावर जाणं, मक्याचं शेत बघणं, मार्च-एप्रिल असेल तर मोहफुलं वेचणं. परत येऊन मुलांना त्याबद्दल कोरकूत बोलू द्या. त्यातली चार-पाच छोटी वाक्यं मदतनीस ताईंबरोबर निवडा आणि पूर्ण आकाराच्या तक्त्यावर देवनागरीत लिहा. अक्षर दोन इंच उंच, दोन शब्दांत बोटभर जागा, पाच ओळींच्या वर नाही. एक-दोन शब्द प्रत्येक वाक्यात परत यावेत अशी वाक्यं निवडा. मंगळवारी शब्दाखाली बोट फिरवत सगळ्यांनी मिळून वाचायचं, मग एकेकाने. बुधवारी त्याच वाक्यांच्या दुसऱ्या प्रतीच्या पट्ट्या कापा, मुलांनी त्या क्रमाने लावायच्या. गुरुवारी पट्ट्यांचे शब्द कापा, आणि शब्दांतून अक्षरं ओळखा. शुक्रवारी मुलं त्यांतला एक शब्द लिहून त्याचं चित्र काढतात. शनिवारी त्याच प्रसंगावर तीन सोपी मराठी वाक्यं, आधी फक्त तोंडी. दिवाळीनंतर ती तक्त्याच्या मागच्या बाजूला लिहायची.

सुट्ट्या, सण, सर्वेक्षणं धरूनही वर्षाला वीस-पंचवीस तक्ते होतात. त्यांच्या छोट्या प्रती शिवल्या की तुमच्या शाळेचं पहिलीचं वाचनपुस्तक तयार होतं.

अक्षरं शिकवण्याचा क्रम अ-आ-इ असा धरू नका. मुलांच्या तोंडातले छोटे शब्द जास्तीत जास्त कोणत्या अक्षरांत बसतात ते बघा. 'डा' म्हणजे पाणी, 'उरा' म्हणजे घर, 'कुला' म्हणजे वाघ, 'सिता' म्हणजे कुत्रा: एवढ्या शब्दांतच ड, र, क, ल, स, त, काना आणि उकार-वेलांटी येऊन गेली. मूल 'डा' असं जोडून वाचतं आणि त्याच क्षणी त्याला ते पाणी आहे हे कळतं. वाचणं म्हणजे अर्थ लागणं, ही समजूत अशी पहिल्याच आठवड्यात बसते. ळ, ष, क्ष, ज्ञ अगदी शेवटी, मराठी छापील मजकुराबरोबर.

कोरकू लिहिताना अडचण येईल. काही शब्दांच्या शेवटी घशात अडकल्यासारखा तुटका आवाज असतो, त्याला देवनागरीत नेमकं अक्षर नाही. गावागावांत उच्चारही थोडे बदलतात. दोन जाणत्या माणसांना विचारा, एक रूप ठरवा, एका वहीत शब्द लिहून ठेवा आणि वर्षभर तेच वापरा. शुद्धलेखनाच्या वादात महिना घालवू नका. मुलाला तो शब्द आपला म्हणून ओळखता आला की काम झालं.

गवळी आणि हिंदी बोलणाऱ्या अकरा मुलांचं काय, हा प्रश्न तुम्ही विचारला नाही, पण तो येईलच. फिलिपिन्समध्ये २०१२ पासून बालवाडी ते तिसरी मातृभाषेतून शिकवणं सक्तीचं होतं आणि २०२४ मध्ये कायदा करून ती सक्ती काढली. आता ते ऐच्छिक आहे, तेही वर्गातली सगळी मुलं एकाच भाषेची असतील तर. एका वर्गात तीन-चार भाषा आणि साहित्य अपुरं, ही तिथली मोठी अडचण होती. तुमच्या वर्गातही तीच आहे. म्हणून भाषावार गट फक्त त्या पहिल्या २५ मिनिटांपुरते. तेवढ्यात ही अकरा मुलं तुमच्याजवळ बसून आपल्या बोलीत गोष्ट सांगतील आणि त्यांचाही तक्ता महिन्यातून एकदा होईल. बाकी दिवसभर जोड्या मिसळून बसवा. कोरकू गावात वाढलेल्या गवळी मुलांना बहुधा कोरकू कळतेच, त्यांचा वर्गाला उपयोग होतो. बाकं भाषेवरून कायमची वेगळी केलीत, तर मधल्या सुट्टीतही ती वेगळीच राहतील.

वरिष्ठ आणि पालक

वरिष्ठांशी तत्त्वाचा वाद घालू नका, कागद दाखवा. राज्यघटनेचं कलम ३५०अ (१९५६ च्या सातव्या घटनादुरुस्तीने आलेलं) भाषिक अल्पसंख्याकांच्या मुलांना प्राथमिक टप्प्यावर मातृभाषेतून शिक्षणाची सोय करायला सांगतं. शिक्षण हक्क कायद्याच्या कलम २९(२)(च) मध्ये, शक्य तिथवर माध्यम मुलाची मातृभाषा असावं असं आहे. २०२० च्या राष्ट्रीय शिक्षण धोरणातही किमान पाचवीपर्यंत घरची भाषा, असं म्हटलं आहे. तुम्ही माध्यम बदलत नाही आहात, मराठी माध्यम नीट पोहोचवण्याचा मार्ग वापरत आहात, एवढं स्पष्ट करा. मग वरच्या तपासणीचा एक पानी तक्ता पुढे ठेवा. निपुण भारत या केंद्राच्या पायाभूत वाचन-गणित मोहिमेचं तिसरीचं लक्ष्य मिनिटाला किमान ६० शब्द, तेही अर्थ समजून, असं आहे. 'समजून' हा भाग मोजला की तुमची मुलं कुठे आहेत ते त्यांनाही दिसेल. मूल्यमापनात अडचण कमी आहे. २० ऑगस्ट २०१० च्या निर्णयानुसार पहिली-दुसरीला आकारिकचा (वर्षभर चालणाऱ्या मूल्यमापनाचा) भार ७० टक्के आणि संकलितचा (सत्राअखेरच्या चाचणीचा) ३०. तोंडी काम, कृती, प्रात्यक्षिक यांची साधनं तुम्ही निवडता. गणिताची किंवा परिसराची समज कोरकूतून तपासून नोंद करा, मराठीची नोंद वेगळी ठेवा.

पालकांचं म्हणणं मात्र मनापासून मान्य करा. त्यांना मुलांना मराठी आणि इंग्रजी यायला हवी आहे, आणि ते बरोबरच आहे. तहसीलच्या कागदाला, दवाखान्याला, नोकरीला मराठी लागते. त्यांच्यापुढे संस्कृती जपण्याचं भाषण करू नका. एवढंच सांगा: चौथी संपताना मूल चौथीचं मराठी पुस्तक वाचून त्याचा अर्थ सांगेल, त्यासाठी सुरुवात कोरकूतून. ऑक्टोबरच्या पालकसभेत पहिलीच्या दोन-तीन मुलांना तक्ता वाचायला उभं करा. आपली भाषा कागदावरून वाचली जाताना बरेच पालक तिथे पहिल्यांदाच ऐकतील. त्यानंतर वेगळं पटवावं लागत नाही.

इथे एक गोष्ट बोलायलाच हवी. २०२५ च्या एप्रिलमध्ये पहिलीपासून हिंदी आणण्याचा निर्णय निघाला, जूनमध्ये तो बदलला आणि २९ जूनला मागे घेतला गेला. मुलांवर किती भाषांचं ओझं, यावर महाराष्ट्र तावातावाने बोलला, आणि बोलायला हवंच होतं. पण मेळघाटातल्या मुलाला मराठी हीच दुसरी भाषा आहे, बाजारातली हिंदी तिसरी आणि पहिलीपासूनची इंग्रजी चौथी. लहान वयात परक्या भाषेतून शिकण्याविरुद्ध आपण जे-जे म्हणालो, ते सगळं या मुलाला मराठीबाबत लागू पडतं. मराठीवर प्रेम असणाऱ्यांनी हे सगळ्यात आधी मान्य करायला हवं.

स्थलांतराचं गणित आत्तापासून करा. दिवाळीनंतर काही कुटुंबं कामासाठी बाहेर पडतील, होळीला बहुतेक परततील, त्यातली काही पुन्हा जातील. जाणाऱ्या मुलाला शिक्षण हमी कार्ड द्या, म्हणजे तिकडच्या शाळेत बसता येतं. बरोबर त्याच्या तक्त्यांची शिवलेली पुस्तिका आणि दहा-बारा शब्दपट्ट्या द्या. मूल ज्याच्याकडे राहणार आहे त्याला पुस्तिका कशी वाचून घ्यायची ते दाखवा. होळीनंतर परत आलेल्याला वर्ग पोहोचलाय त्या पानावर बसवू नका. एक आठवडा जुने तक्ते, मग पुढे.

तुमची स्वतःची कोरकू तीन महिन्यांत शंभर शब्द आणि वीस वाक्यं एवढी झाली तरी पुष्कळ. पहिली वाक्यं रंग आणि फळांची नकोत. कुठे दुखतंय? भूक लागली का? लघवीला जायचंय का? कुणी मारलं? घरी कोण आहे? परवानगी मागता न आल्यामुळे वर्गातच चड्डी ओली झालेलं मूल दुसऱ्या दिवशी शाळेत येत नाही, आणि हजेरीपटावर त्याचं कारण कधीच दिसत नाही. ही वाक्यं मुलांकडूनच शिका आणि ती सुधारतील तशी सुधारून घ्या.

राहिली बदलीची गोष्ट. तीन वर्षं पुरतात, पण एका अटीवर: सहकाऱ्यांशी बोलून पहिली-दुसरी तुमच्याकडे ठेवा आणि पहिलीचा वर्ग दुसरीतही तुम्हीच घ्या. आज पहिलीत असलेली मुलं तुम्ही असतानाच तिसरीत जातील आणि तीच तपासणी पुन्हा करता येईल. दुसऱ्या वर्षापासून एक जाड वही हस्तांतरणासाठी ठेवा. तिच्यात ठरवलेल्या रूपांसह कोरकू शब्द, प्रत्येक मुलाची मराठीची पायरी तिन्ही वेळची, कोणता तक्ता चालला आणि कोणता फसला, मदतनीस ताईंचं नाव आणि वेळ, समितीच्या ठरावाची तारीख एवढं असू द्या. तक्ते गुंडाळून ठेवलेत की उंदीर-वाळवी लागते, म्हणून दोरीवर टांगा किंवा प्रत्येकाचा मोबाइलवर फोटो काढून समितीच्या अध्यक्षांकडेही एक संच द्या. आणि रुजू होणाऱ्या नव्या शिक्षकाची ओळख आधी त्या ताईंशी करून द्या, पदभाराच्या कागदांवर सह्या त्यानंतर.